घरकुलाचा हिशोब: किती मिळेल, कधी मिळेल आणि मागायचं कसं?

ताईंनो, या महिन्याच्या अभ्यासाचा विषय घरकुल हा आहे. आपल्या गटांमध्ये दर बैठकीला घरकुलाची गोष्ट निघतेच. कुणाचं नाव यादीत आलंय, कुणाचा हप्ता अडकलाय, कुणाचं जोतं दोन पावसाळे तसंच पडून आहे. आणि काही ताई अशा आहेत की त्या या चर्चेत बोलतच नाहीत. कारण त्या भाड्याच्या खोलीत राहतात, किंवा दुसऱ्याच्या जागेत झोपडी टाकून राहतात. त्यांना वाटतं, "आपल्याला जागाच नाही, मग घरकुल कुठलं?" हा धडा मुख्यतः त्यांच्यासाठी आहे. बाकीच्यांनाही हिशोबासाठी उपयोगी पडेल.

धड्याचे चार भाग आहेत. बैठकीत एका वेळी एकच भाग वाचा, त्यावर बोला, मग पुढे जा.

भाग १: आपण पात्र आहोत का?

गावांसाठीची मोठी योजना म्हणजे प्रधानमंत्री आवास योजना (ग्रामीण). जुन्या इंदिरा आवास योजनेच्या जागी ती २०१६ साली आली. आता ती २०२९ पर्यंत चालणार आहे. त्याशिवाय राज्याच्या योजना आहेत: अनुसूचित जाती व नवबौद्धांसाठी रमाई आवास, आदिवासींसाठी शबरी, भटक्या-विमुक्तांसाठी यशवंतराव चव्हाण मुक्त वसाहत आणि इतर मागासवर्गीयांसाठी मोदी आवास. कातकरी, कोलाम आणि माडिया गोंड या आदिम जमातींना पीएम-जनमन योजनेतून घराला २ लाख रुपये मिळतात. आपण कुठल्या योजनेत बसतो हे आधी ठरवा. एका कुटुंबाला घरकुल एकाच योजनेतून मिळतं.

प्रधानमंत्री आवास योजनेत खालीलपैकी एक गोष्ट जरी घरात असेल तर नाव बाद होतं:

१. तीनचाकी किंवा चारचाकी मोटार गाडी
२. शेतीसाठीचं तीनचाकी-चारचाकी यंत्र, म्हणजे ट्रॅक्टर वगैरे
३. ५०,००० किंवा त्याहून जास्त मर्यादेचं किसान क्रेडिट कार्ड
४. घरात कुणी सरकारी नोकर
५. सरकारकडे नोंदणी केलेला बिगरशेती उद्योग
६. महिन्याला १५,००० पेक्षा जास्त कमावणारी व्यक्ती
७. आयकर भरणारी व्यक्ती
८. व्यवसाय कर भरणारी व्यक्ती
९. अडीच एकर किंवा जास्त बागायत जमीन
१०. पाच एकर किंवा जास्त कोरडवाहू जमीन

पूर्वी दुचाकी, फ्रीज किंवा घरचा टेलिफोन असला तरी नाव कटायचं. कमाईची मर्यादाही १०,००० होती. आता नियम बदलले आहेत. म्हणून "तुमच्या दारात मोटारसायकल आहे, तुम्हाला नाही मिळणार" असं कुणी म्हटलं तर ऐकून गप्प बसू नका. तो नियम आता राहिलेला नाही.

भाड्याने राहणाऱ्या ताईंनी एक गोष्ट खास लक्षात ठेवायची. सर्वेक्षण करणारा माणूस घराच्या भिंती, छप्पर आणि खोल्या पाहतो. तुम्ही स्लॅबच्या खोलीत भाड्याने राहत असाल तर कागदावर "पक्के घर" अशी नोंद होऊ शकते, आणि घर मात्र दुसऱ्याचं असतं. म्हणून घर भाड्याचं आहे हे तोंडी सांगून थांबू नका. ग्रामपंचायतीतून त्या घराचा नमुना ८ चा उतारा घ्या. त्यावर घरमालकाचं नाव असतं. तो दाखवा. आणि आपलं किंवा नवऱ्याचं देशात कुठेही पक्कं घर नाही हे अर्जात स्पष्ट लिहा.

२०२४-२५ मध्ये आवास प्लस ॲपवर नवीन सर्वेक्षण झालं. त्यात तुमची नोंद झाली असेल तर ग्रामपंचायतीत जाऊन यादीत नाव आहे का ते बघा. नोंद राहिली असेल, किंवा नाव बाद झालं असेल, तर ग्रामसभेत लेखी अर्ज द्या. ग्रामसभेच्या इतिवृत्तात विषय लिहून घ्यायला लावा. पात्र-अपात्र याद्या ग्रामसभेपुढे यायलाच पाहिजेत. ग्रामसभेनंतरही अन्याय झालाय असं वाटलं तर जिल्हा पातळीवर अपील समिती असते, तिच्याकडे दाद मागता येते.

भाग २: जागा नाही, मग काय?

जागा नाही म्हणून घरकुलाचा हक्क जात नाही. भूमिहीन लाभार्थ्याला जागा मिळवून देणं ही राज्याची जबाबदारी आहे. मार्ग चार आहेत.

पहिला: कुटुंबातल्या माणसाच्या नावची जागा. सासऱ्याच्या किंवा दिराच्या नावावर गावठाणात जागा असेल, तर त्यांचं संमतीपत्र घ्या. शक्य असेल तर वाटणी करून नोंद लावून घ्या. फक्त तोंडी "बांध गं तू" यावर घर उभं करू नका. उद्या भांडण झालं तर घर तुमच्या कष्टाचं आणि जागा त्यांची, अशी अडचण होते.

दुसरा: गावठाणातली मोकळी जागा. ग्रामपंचायतीकडे अशी जागा असेल तर मागणी अर्ज करा.

तिसरा: सरकारी जागेवर पूर्वीपासून घर असेल तर ते अतिक्रमण नियमित करून घेणं. १ जानेवारी २०११ पूर्वीच्या राहत्या अतिक्रमणांसाठी शासनाने हा मार्ग दिला आहे. त्यासाठी जुनी घरपट्टीची पावती, वीजबिल, मतदार यादीतलं नाव असे पुरावे जपून ठेवा.

चौथा: जागा विकत घेणं. यासाठी पंडित दीनदयाल उपाध्याय घरकुल जागा खरेदी अर्थसहाय्य योजना आहे. पूर्वी तिच्यात ५०,००० रुपयांपर्यंत मिळायचे, आता ५०० चौरस फुटांपर्यंतच्या जागेसाठी १ लाखापर्यंत मिळतात. जागेची किंमत कमी असेल तर किमतीएवढेच मिळतात. जास्त असेल तर वरचे पैसे आपले.

इथे क्रम महत्त्वाचा आहे. आधी घरकुलाच्या यादीत नाव, मग पंचायत समितीकडे जागेसाठी अर्ज, मग खरेदी. घाईघाईने शंभर-पाचशेच्या स्टँप पेपरवर जागा घेऊन टाकली आणि नंतर मदत मागायला गेलात तर पदरी काही पडत नाही. जागेचं खरेदीखत दुय्यम निबंधकाच्या कार्यालयात नोंदवलेलं असलं पाहिजे. विसार देण्याआधी विकणाऱ्याचा उतारा बघा, त्यावर बोजा आहे का ते बघा, आणि घरापर्यंत जायला रस्ता आहे का तेही बघा. तीन-चार भूमिहीन ताई एकाच गावातल्या असतील तर त्यांनी मिळून शेजारी-शेजारी जागा बघावी. भाव करताना चौघींचं बोलणं एकटीपेक्षा जड पडतं.

भाग ३: किती मिळेल? खरा हिशोब

लोक म्हणतात, "घरकुलाला दोन लाख दहा हजार मिळतात." आकडा खोटा नाही, पण अर्धवट आहे. तो कसा बनतो ते पाहू. हा हिशोब सपाट भागातल्या, २०२४-२५ पासूनच्या दुसऱ्या टप्प्यातल्या घरकुलाचा आहे.

मुख्य अनुदान (केंद्र आणि राज्य मिळून): १,२०,००० रुपये
राज्याचं वाढीव अनुदान, बांधकामासाठी: ३५,००० रुपये
राज्याचं वाढीव अनुदान, सौर वीज संचासाठी: १५,००० रुपये
रोजगार हमीची मजुरी, ९० दिवस × ३१२ रुपये (२०२५-२६ चा दर): २८,०८० रुपये
शौचालय (स्वच्छ भारत मिशन): १२,००० रुपये
एकूण: २,१०,०८० रुपये

डोंगराळ आणि दुर्गम भागात मुख्य अनुदान १,३०,००० असतं.

आता यातलं घराच्या भिंती-छपराला किती येणार? सौर संचाचे १५,००० संच बसवला तरच, आणि संचातच जाणार. शौचालयाचे १२,००० शौचालयात जाणार, आणि तेही पूर्वी घेतले नसतील तरच मिळणार. म्हणून घर बांधायचा हिशोब करताना हे दोन्ही बाजूला ठेवा. राहतात:

१,२०,००० + ३५,००० + २८,०८० = १,८३,०८० रुपये

त्यातही २८,०८० हे मजुरीचे आहेत. जॉबकार्ड असेल, त्यात नाव असेल, आणि ग्रामरोजगार सेवकाने हजेरीपट काढला तरच ते खात्यात येतात. हजेरीपट निघालाच नाही तर हातात फक्त १,५५,००० उरतात. म्हणून काम सुरू होण्याआधीच हजेरीपटाची मागणी लेखी करा. काम झाल्यावर मागून उपयोग नाही.

दुसरी बाजू खर्चाची. योजनेत घर कमीत कमी २५ चौरस मीटरचं, म्हणजे सुमारे २६९ चौरस फुटांचं लागतं, स्वयंपाकाची जागा धरून. आपल्या गावातल्या दोन गवंड्यांना चौरस फुटाचा दर विचारा. समजा, सामान आणि मजुरी धरून दर १,००० रुपये निघाला. तर:

२६९ × १,००० = २,६९,००० रुपये
वजा मदत १,८३,०८० रुपये
कमी पडतात ८५,९२० रुपये

आता समजा त्याच ताईला वाटलं, "बांधतोच आहे तर मोठं बांधू." घर ४०० चौरस फुटांचं केलं:

४०० × १,००० = ४,००,००० रुपये
वजा मदत १,८३,०८० रुपये
कमी पडतात २,१६,९२० रुपये

घर निम्म्याने वाढलं, पण कमी पडणारे पैसे अडीचपट झाले. कारण मदत वाढत नाही, खर्च तेवढा वाढतो. अर्धवट राहिलेली बहुतेक घरं इथेच अडकतात. आधी २६९ फुटांचं पूर्ण करा. पाया असा घाला की पुढे एक खोली जोडता येईल. पैसे आल्यावर वाढवा.

कमी पडणारे पैसे कुठून येतील तेही आधीच कागदावर मांडा. घरकुल लाभार्थ्यांना ५ ब्रासपर्यंत वाळू मोफत देण्याचं राज्याचं धोरण आहे. तहसील कार्यालयाकडे मागणी करा, पण वाहतुकीचा खर्च आपला धरूनच चाला. जुने पत्रे, दगड, लाकूड वापरता येतं का बघा. उरलेलं गटाचं कर्ज. योजनेतच लाभार्थ्याला ७०,००० रुपयांपर्यंत बँकेचं कर्ज घेण्याची सोयही ठेवलेली आहे.

समजा ६०,००० कर्ज लागलं. गटाकडून शेकडा १ रुपयाने घेतलं तर पहिल्या महिन्याचं व्याज ६०० रुपये. सावकाराकडून शेकडा ५ ने घेतलं तर ३,००० रुपये. एका महिन्याचा फरक २,४०० रुपये. खोलीचं भाडंही कदाचित यापेक्षा कमी असेल.

भाड्याने राहणाऱ्या ताईंच्या हिशोबात अजून एक ओळ येते. घर बांधून होईपर्यंत भाडं चालूच राहतं. भाडं १,५०० असेल आणि बांधकामाला ८ महिने लागले तर १२,००० रुपये. हा खर्च कुणी धरत नाही आणि मग शेवटच्या महिन्यात दारं-खिडक्या राहून जातात. तो धराच.

भाग ४: कधी मिळेल आणि मागायचं कसं?

घरकुलाचे पैसे एकदम येत नाहीत. मंजुरीनंतर पहिला हप्ता १५,००० रुपयांचा येतो. पुढचे हप्ते काम जसं वर येईल तसे येतात. प्रत्येक टप्प्याला पंचायत समितीचा ग्रामीण गृहनिर्माण अभियंता येतो, मोबाईलवर जागेच्या खुणेसह फोटो काढतो, तो वर चढवतो, आणि मग पैसे आधार जोडलेल्या बँक खात्यात येतात. कुठल्या टप्प्याला किती, ते मंजुरीच्या वेळी विचारून वहीत लिहून ठेवा.

म्हणजे काम आधी आणि पैसे नंतर. समजा, जोत्यापर्यंत ४५,००० लागले. हातात १५,०००. मधले ३०,००० आपल्यालाच उभे करायचे आहेत. हे ज्या ताईला आधी माहीत असतं ती गटात आधी मागणी ठेवते. जिला माहीत नसतं ती जोत्याच्या निम्म्यात सावकाराच्या दारात उभी राहते. म्हणून मंजुरीपत्र हातात आलं की त्याच महिन्याच्या बैठकीत कर्जाची मागणी ठेवा. गटानेही ठराव करून, "दुसरा हप्ता आल्यावर यातले इतके परत" असं रजिस्टरला लिहून द्यावं. पहिल्या हप्त्यातले पैसे दवाखाना, लग्न, बियाणं यात गेले तर घर थांबतं. शक्य असेल तर सिमेंट, सळई तेवढ्याची आधी खरेदी करून टाका.

घर मंजुरीपासून १२ महिन्यांत पूर्ण करायचं असतं. पावसाळ्याचे महिने वजा करून मगच सुरुवातीचा मुहूर्त ठरवा.

सोबत लागणारे कागद:

• आधार कार्ड आणि आधार जोडलेलं बँक पासबुक
• रोजगार हमीचं जॉबकार्ड
• रेशन कार्ड
• जागेचा पुरावा: नमुना ८, सात-बारा, खरेदीखत किंवा संमतीपत्र
• शौचालयासाठीचा स्वच्छ भारत मिशनचा नोंदणी क्रमांक
• पक्कं घर नसल्याचं स्वयंघोषणापत्र
• जातीच्या योजनेतून घेत असाल तर जातीचा दाखला

सगळ्या कागदांवर नाव एकसारखं आहे का ते बघा. आधारवर सासरचं नाव आणि पासबुकात माहेरचं असेल तर पैसे मध्येच अडकतात. बरेच दिवस खातं वापरलं नसेल तर ते बंद पडलंय का, हेही बँकेत विचारा.

हप्ता अडकला तर असं करा. आधी फोटो वर चढला का, हे अभियंत्याला विचारा. मग ग्रामपंचायत अधिकाऱ्यांना. तरी काम झालं नाही तर गटविकास अधिकाऱ्यांच्या नावे अर्ज द्या. अर्ज दोन प्रतींत न्यायचा, एक द्यायची आणि दुसऱ्या प्रतीवर तारीख-शिक्क्यासह पोच घ्यायची. नमुना असा:

"मी (नाव), गाव (गावाचे नाव). माझे घरकुल (योजनेचे नाव) अंतर्गत दि. (तारीख) रोजी मंजूर झाले आहे. जोत्याचे काम दि. (तारीख) रोजी पूर्ण झाले. अद्याप दुसरा हप्ता खात्यात जमा झालेला नाही. तरी कामाची पाहणी करून हप्ता जमा करावा, व विलंबाचे कारण लेखी कळवावे, ही विनंती."

एकटीने जाऊ नका. ग्रामसंघाच्या लेटरहेडवर सोबत पत्र जोडा आणि दोघी-तिघी मिळून जा. घरकुलाचा अर्ज, सर्वेक्षण, फोटो यासाठी कुणालाही पैसे द्यायचे नाहीत. "साहेबांना द्यावे लागतात" म्हणून कुणी मागत असेल तर तो विषय ग्रामसंघाच्या बैठकीत उघड मांडा. पासबुक, एटीएम कार्ड आणि मोबाईलवर येणारा ओटीपी कुणाच्याही हाती देऊ नका.

आणखी एक. घरकुल बाईच्या नावावर किंवा नवरा-बायको दोघांच्या नावावर मंजूर होतं. मंजुरीपत्रात आपलं नाव आहे ना, ते वाचून घ्या. घर पूर्ण झाल्यावर ग्रामपंचायतीच्या नमुना ८ वरही आपलं नाव लावून घ्या. घरपट्टीची पावती आपल्या नावाने फाटली पाहिजे. परित्यक्ता आणि विधवा ताईंनी तर हे आधी करावं. भाड्याच्या खोलीतून "उद्या रिकामी कर" असं कुणीही म्हणू शकतं. नमुना ८ वर नाव असलेल्या घरातून तसं म्हणणं सोपं नसतं.

ज्या ताई तालुक्याच्या गावी नगरपंचायतीच्या हद्दीत राहतात, त्यांना ही ग्रामीण योजना लागू नाही. त्यांच्यासाठी प्रधानमंत्री आवास योजना (शहरी) २.० आहे. तिच्यात दुर्बल घटकासाठी वर्षाच्या उत्पन्नाची मर्यादा ३ लाख आहे, आणि भाड्याच्या परवडणाऱ्या घरांचाही एक भाग आहे. चौकशी नगरपंचायतीत करा.

बैठकीत चर्चेसाठी प्रश्न

१. आपल्या गटात स्वतःची जागा नसलेल्या ताई किती? त्यांच्यासाठी चारपैकी कुठला मार्ग जमेल?
२. यादीत नाव असलेल्या प्रत्येक ताईचं जॉबकार्ड आहे का? त्यात तिचं स्वतःचं नाव आहे का?
३. आपल्या गावातला गवंड्याचा दर धरून २६९ चौरस फुटांच्या घराला किती कमी पडतात?
४. हप्त्यांच्या मधल्या काळासाठी गट किती कर्ज देऊ शकतो? एका वर्षी किती ताईंना?
५. आपल्या गावातली अर्धवट घरकुलं किती? ती कुठल्या टप्प्यावर थांबली आणि का?

पुढच्या बैठकीआधी

लिहिता येणाऱ्या दोघी जणींनी ग्रामपंचायतीत जाऊन घरकुलाची यादी बघून यावी आणि गटातल्या नावांपुढे खूण करावी. ज्यांचं नाव नाही त्यांचा ग्रामसभेसाठीचा अर्ज बैठकीतच लिहून काढावा. तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर प्रत्येक गटाने सीआरपी ताईंकडे द्यावं, म्हणजे कुठल्या गावात किती कर्ज लागेल याचा अंदाज प्रभागसंघाला घेता येईल.